धिंगरीच्या बेडवर उगवणारी शाईछत्री : ओळख आणि पावसाळ्यातील काळजी

पावसाळ्याच्या दमट, उबदार हवेत धिंगरी अळिंबीचे (ऑयस्टर मशरूमचे) पिनहेड, म्हणजे टाचणीच्या डोक्याएवढे कोंब, दिसण्याआधीच बेडवर, म्हणजे पेंढा भरलेल्या पिशवीवर, लांब पांढऱ्या दांड्याच्या राखाडी छत्र्या उगवल्या, तर पीक लवकर आले असे समजू नये. बोलीत ‘कुत्र्याची छत्री’ या एकाच नावात जमा होणाऱ्या भूछत्रांपैकी ही एक असून, इंग्रजीतील इंककॅप या नावावरून या सल्ल्यात तिला शाईछत्री म्हटले आहे.

अळिंबीच्या बेडवर त्रास देणारी तिची नेहमीची प्रजाती म्हणजे कोप्रिनॉप्सिस सिनेरिया. जुन्या पुस्तकांत हीच प्रजाती कोप्रिनस सिनेरियस या नावाने सापडते, त्यामुळे ही दोन वेगळी तणे असल्याचा गैरसमज होतो. काळ्या बीजाणूंच्या आणि वितळणाऱ्या छत्र्या पूर्वी सरसकट कोप्रिनस या एकाच प्रवर्गात घातल्या जात. डीएनएच्या अभ्यासातून मात्र त्या प्रवर्गाची मूळ प्रजाती, कोप्रिनस कोमॅटस, बटण अळिंबीच्या अॅगॅरिकेसी कुळातील असल्याचे दिसले, म्हणून २००१ मध्ये कोप्रिनस हे नाव तिच्याकडे आणि तिच्या मोजक्या नातलगांकडे राहिले आणि बाकीच्या बहुतेक प्रजाती सॅथिरेलेसी कुळातील कोप्रिनॉप्सिस, कोप्रिनेलस आणि पॅरासोला या प्रवर्गांत विभागल्या गेल्या.

ओळखीसाठी सूक्ष्मदर्शकाची गरज नाही. कोवळी टोपी लांबट अंड्यासारखी मिटलेली असते आणि तिच्यावर बोटाने पुसले जाणारे पांढुरके, कापसासारखे खवले असतात; दांडा टोपीच्या मधोमध, पोकळ आणि ठिसूळ असतो. टोपीखालचे पापुद्रे आधी पांढरे, मग राखाडी आणि शेवटी काळे होतात, आणि बीजाणू कडेकडून पिकत वर सरकतात तशी कडही स्वतःच्याच विकरांनी (एन्झाइमनी) विरघळून काळ्या थेंबांनी गळते. रात्रीतून उघडलेली छत्री दुपारपर्यंत शाईचा ओघळ होऊन गेलेली असते. धिंगरीचा दांडा सहसा एका बाजूला असतो, पापुद्रे दांड्यावर उतरलेले असतात आणि ती कधीही अशी वितळत नाही. शंका असल्यास टोपी पांढऱ्या कागदावर वाटीखाली झाकून ठेवावी. काही तासांत कागदावर काळा ठसा उमटला तर ती धिंगरी नव्हे.

शाईछत्री हा धिंगरीचा रोग नसून, पेंढ्यातील अन्न आणि जागा बळकावणारे तण आहे, आणि ते बहुधा आपल्याच कामातील ढिलाई दाखवते. शेणात सहज वाढणारी ही बुरशी अमोनियाही सोसते. म्हणून गोठ्यात पडून शेण-मूत्र लागलेला पेंढा, पावसात भिजून काळवंडलेले काड किंवा हात सैल सोडून मिसळलेला कोंडा वापरला की तिचे फावते. पेंढा ताजा, कोरडा आणि पिवळसर असावा. तो भिजवून ८० ते ८५ अंश सेल्सिअस पाण्यात एक तास ठेवावा. पाणी चुलीवरून उतरवून त्यात पेंढा बुडवला आणि तासाभराने ते कोमट झाले, तर ते निर्जंतुकीकरण झालेच नाही, आणि सर्वाधिक चूक इथेच होते. निथळलेला पेंढा मुठीत घट्ट दाबल्यावर तळहात ओला व्हावा, पण थेंब पडू नये.

छत्र्या दिसल्याच तर टोपी मिटलेली असतानाच, शक्यतो सकाळच्या पहिल्या फेरीत, बुडासह अलगद उपटून झाकणाच्या पाण्याच्या बादलीत टाकाव्यात. शेडशेजारच्या उकिरड्यावर फेकल्यास बीजाणू तिथूनच परत येतात. बेड भरल्यानंतर बुरशीनाशक फवारू नये. अळिंबी स्वतःही बुरशीच आहे, हे ‘कोणते औषध मारू?’ असे विचारताना हमखास विसरले जाते. त्या बेडना काही दिवस पाणी बेताने द्यावे आणि खोलीत हवा खेळती ठेवावी.

या छत्र्या विक्रीच्या पाकिटात जाऊ देऊ नयेत आणि खाऊही नयेत. जवळच्या कोप्रिनॉप्सिस अॅट्रामेंटारिया या प्रजातीत कोप्रिन हे द्रव्य असते; ती खाऊन मद्य घेतल्यास चेहरा लालबुंद होणे, छातीत धडधड आणि उलट्या असा त्रास होतो, आणि नुसत्या नजरेने या प्रजातींत फरक करणे जोखमीचे आहे.

शेणखताच्या ढिगावर किंवा केळीच्या बागेतील आच्छादनावर शाईछत्री दिसल्यास काहीही करण्याची गरज नाही. ती कुजणाऱ्या पदार्थांवर जगते, उभ्या पिकावर नाही. बेडच्या बाबतीत, छत्र्या काढल्यावरही धिंगरीचे तंतूजाल पांढरेशुभ्र पसरत असेल तर बेड ठेवावा. पेंढा काळपट, चिकट आणि उग्र वासाचा झाला असेल तर तो पिशवीसह बाहेर नेऊन पेंढा शेडपासून दूर खड्ड्यात पुरावा.