‘लाइव्ह इन ऑस्ट्रेलिया’ कसा ऐकावा

पॉप संगीतकाराने सिंफनी ऑर्केस्ट्राला सोबत घेऊन सादर केलेल्या मैफलीचे ध्वनिमुद्रण ऐकताना आपले लक्ष बहुधा गायकावरच खिळून राहते आणि मागचा एवढा मोठा वाद्यवृंद नुसता भरजरी पडदा होऊन जातो. ही सवय मोडायची असेल, तर ब्रिटिश गायक-पियानोवादक एल्टन जॉन यांचा ‘लाइव्ह इन ऑस्ट्रेलिया’ हा अल्बम हाताशी घ्यावा. १४ डिसेंबर १९८६ रोजी सिडनी एंटरटेनमेंट सेंटरमध्ये मेलबर्न सिंफनी ऑर्केस्ट्राच्या ८८ वादकांसह झालेल्या मैफलीचे हे ध्वनिमुद्रण १९८७ मध्ये प्रसिद्ध झाले. मैफलीचा पूर्वार्ध केवळ बँडचा होता. अल्बममध्ये उत्तरार्धातील गाणी आहेत.

सुरुवात या अल्बमपासून करू नये. यातील बरीच गाणी १९७० आणि १९७१ मधील असून त्यांचे मूळ वाद्यसंयोजन पॉल बकमास्टर या अरेंजरने केले होते, म्हणून आधी ‘सिक्स्टी इयर्स ऑन’ आणि ‘द ग्रेटेस्ट डिस्कव्हरी’ ही दोन गाणी स्टुडिओतील मूळ रूपात ऐकावीत. पहिल्यात एल्टन यांचा पियानो नाहीच. सगळा भार तंतुवाद्ये, हार्प आणि गिटार यांनी उचललेला आहे. दुसरे गाणे चेलोच्या सुरांनी उघडते. तंतुवाद्ये ही बकमास्टर यांच्या लेखी गाणे तयार झाल्यावर वरून चढवण्याची सजावट नव्हती, हे या दोन गाण्यांतून चटकन लक्षात येते आणि थेट मैफलीकडे वळण्यापूर्वी तेवढी तयारी पुरते.

त्यानंतर तीच गाणी सिडनीच्या मैफलीतली लावावीत, पण एका वेळी एकाच वाद्यसमूहाचा माग धरावा. पहिल्या खेपेस फक्त चेलो आणि डबल बास ऐकावेत, कारण खर्जातली ही वाद्ये बँडच्या बास गिटारशी कुठे जुळतात आणि कुठे वेगळी वाट धरतात, यावर अशा प्रयोगाचे यश फार मोठ्या प्रमाणावर ठरते. ड्रम्स आणि इलेक्ट्रिक गिटार वाजत असताना व्हायोलिनचे बारकावे मायक्रोफोनच्या आधाराशिवाय श्रोत्यांपर्यंत पोहोचत नाहीत; त्यामुळे येथे ऐकू येणारा तोल हा वादकांइतकाच ध्वनिमुद्रकांचाही असतो. हेडफोन वापरणे उत्तम. मोबाइलच्या स्पीकरवर खर्जच हरवतो आणि मग हा सगळा खटाटोप व्यर्थ जातो.

पुढचा टप्पा ‘टुनाइट’ या गाण्याचा. १९७६ च्या मूळ ध्वनिमुद्रणासाठी त्याचे वाद्यसंयोजन जेम्स न्यूटन हॉवर्ड यांनी केले होते आणि सिडनीत वाद्यवृंदाचे संचालनही त्यांनीच केले. गायन सुरू होण्याआधी पियानो आणि तंतुवाद्यांची जी दीर्घ प्रस्तावना आहे, ती पुढे ढकलण्याचा मोह टाळावा. माझ्या मते संपूर्ण अल्बममधील सर्वांत ऐकण्याजोगा भाग तोच आहे. पियानो थांबतो तेव्हा वाद्यवृंद त्याचे वाक्य पुढे नेतो की त्याला उत्तर देतो, एवढेच तेथे पाहावे.

गायनाबद्दल मात्र अपेक्षा बदलून बसावे. एल्टन यांच्या स्वरतंतूंवर त्या काळात गाठी झाल्या होत्या आणि जानेवारी १९८७ मध्ये त्यांच्यावर शस्त्रक्रिया झाली. आवाज घोगरा आहे आणि वरच्या स्वरांना तो जपून भिडतो. तरीही याच मैफलीतील ‘कँडल इन द विंड’ ब्रिटन आणि अमेरिका या दोन्ही ठिकाणी लोकप्रिय गाण्यांच्या यादीत पहिल्या दहांत पोहोचले. ‘बर्न डाउन द मिशन’ ऐकताना शांत आरंभानंतर लय वाढू लागते तेथे गायकाला बाजूला ठेवावे आणि ड्रम्सचा ठेका पकडून एवढा मोठा ऑर्केस्ट्रा त्याच्याबरोबर राहतो की किंचित मागे रेंगाळतो, हे तपासावे. पॉप आणि सिंफनी यांच्यातील खरी ओढाताण तेथेच कानावर येते.