आंब्यावरील घोणस अळी : कशी ओळखावी, कशी काढावी आणि काटे टोचल्यास काय करावे

२०२२ च्या पावसाळ्याअखेरीस मराठवाड्यात आणि लगतच्या जिल्ह्यांत घोणस अळीची मोठी धास्ती पसरली. तिचे काटे टोचल्यास माणूस दगावतो, अशा अफवा मोबाइलवरून फिरल्या आणि घाबरून जाऊ नये, असे परभणीच्या कृषी विद्यापीठातील तज्ज्ञांना सांगावे लागले. त्या वेळी चर्चा उसातील आणि बांधावरील गवतातील अळ्यांची होती. परंतु याच कुळातील पॅरासा लेपिडा ही जात आंबा, नारळ, एरंड अशा झाडांची पाने खाते आणि परसातल्या आंब्यावरही आढळते. पुढील माहिती तिच्याविषयी आहे.

प्रथम अळी ओळखावी. पूर्ण वाढलेली अळी साधारण इंचभर लांब, जाड व चपटी असून तिचा रंग पोपटी असतो. पाठीवरून निळसर पट्टा जातो आणि दोन्ही बाजूंना काट्यांचे झुबके असतात. त्यांतील पुढच्या व मागच्या टोकाचे झुबके तांबूस दिसतात. तिचे पाय दिसत नाहीत, त्यामुळे ती चालत नसून गोगलगायीप्रमाणे सरकते आहे असे वाटते. पतंग मात्र निरुपद्रवी असतो. त्याचे पुढचे पंख हिरवे व कडेने तपकिरी असतात आणि दिव्यावर आलेला हा देखणा पतंग म्हणजेच त्या अळीचे पुढचे रूप, हे सहसा कोणाच्या ध्यानात येत नाही.

दुसरे आणि सर्वांत महत्त्वाचे काम म्हणजे अळ्या लहान असतानाच शोधणे. मादी पानाच्या खालच्या बाजूस खवल्यांसारखी एकमेकांवर चढलेली चपटी अंडी पुंजक्याने घालते आणि त्यांतून निघालेल्या अळ्या सुरुवातीला एकाच पानावर दाटीने बसून खालचा हिरवा थर खरवडतात. अशा पानाचा वरचा पापुद्रा तेवढा शिल्लक राहतो आणि खालून वर, उजेडाच्या दिशेने पाहिल्यास ते पान विटके व पारदर्शक दिसते. पावसाळ्यात आणि त्यानंतरच्या महिन्यांत आठवड्यातून एकदा खालच्या फांद्यांची पाने याप्रमाणे पाहावीत. या अवस्थेत एक पान तोडले की सगळा पुंजका हाती लागतो; पुढे अळ्या पांगतात, कडेपासून पान कुरतडत केवळ मधली शीर ठेवतात आणि मग एकेक वेचण्यावाचून गत्यंतर नसते.

पाने तोडताना लांब बाह्यांचा सदरा, जाड हातमोजे आणि शक्यतो चष्मा घालावा. पान हाताने न ओढता कात्रीने देठाशी कापून साबणाच्या पाण्याच्या बादलीत पडू द्यावे. उंच फांद्या हलवून अळ्या खाली पाडण्याचा मोह टाळावा, कारण त्या मानेवर पडतात. मेलेल्या अळ्याही उघड्या हाताने उचलू नयेत, त्यांचे काटे टोचतच राहतात. बादलीतील गाळ खड्डा करून पुरावा.

अळ्या दिसेनाशा झाल्या म्हणजे संकट टळले, असे समजू नये. त्या खोडावर किंवा जाड फांद्यांवर कठीण, तपकिरी, बीसारखे दिसणारे कोष करतात. सालीच्या रंगात ते सहज मिसळून जातात. कोष बोथट सुरीने खरवडून काढावेत. त्यांवरही खाजरे केस असू शकतात, म्हणून हातमोजे इथेही हवेत.

फवारणीची गरज घरच्या एकदोन झाडांना क्वचितच पडते. ती करायचीच असेल, तर पाच टक्के निंबोळी अर्क वापरावा. त्यासाठी पाव किलो सुक्या निंबोळ्या कुटून रात्रभर पाण्यात भिजवाव्यात, सकाळी फडक्याने गाळून एकूण पाच लिटर पाणी करावे, त्यात थोडा साबणचुरा विरघळवावा आणि त्याच दिवशी संध्याकाळी पानांच्या खालच्या बाजूवर फवारावे. मोठ्या अळ्यांवर त्याचा परिणाम कमी होतो. पिवळट किंवा काळे डाग पडलेल्या सुस्त अळ्या दिसल्यास त्यांना रोगाने वा परजीवी कीटकांनी आधीच गाठलेले असू शकते. अशा वेळी फवारणी लांबवणे बरे.

काटे टोचल्यास जागा चोळू नये आणि खाजवू नये. हे काटे पोकळ असून त्यांत विष असते आणि चोळल्याने ते आणखी आत जातात. प्रथम चिकटपट्टी त्या जागेवर दाबून झटक्यात उचलावी. दर वेळी नवी पट्टी घेऊन असे काही वेळा केल्यास बरेच काटे निघून येतात. नंतर जागा साबणाने धुवावी आणि कापडात गुंडाळलेला बर्फ ठेवावा. खाण्याच्या सोड्याचा लेप लावण्याचाही सल्ला दिला जातो. बोट सुजण्यापूर्वी अंगठी काढून ठेवावी. आग सुरुवातीला फार होते, पण बहुतेकांना काही तासांत आराम पडतो. श्वास लागणे, ओठ किंवा चेहरा सुजणे, उलट्या होणे किंवा डोळ्यात केस जाणे यांपैकी काहीही घडल्यास घरगुती उपायांत वेळ न दवडता रुग्णालयात जावे. तेथे ‘घोणस चावली’ असे न सांगता अळीचे काटे टोचल्याचे स्पष्ट सांगावे, शक्य असल्यास अळीचे छायाचित्र दाखवावे. सर्पविषावरील इंजेक्शनाचा येथे काहीच उपयोग नसतो.