दलेरू ऐकायचा तर इथून सुरुवात करा

फ्रेंच चित्रपट-संगीतकार जॉर्ज दलेरूची कारकीर्द सालांच्या क्रमाने ऐकायला बसू नका. मी तसंच केलं होतं. शेकडो चित्रपटांची यादी समोर ठेवून रोज एक, आणि दुसऱ्याच आठवड्यात सगळं संगीत सारखं वाटायला लागलं. चूक माझ्या पद्धतीत होती.

पहिल्यांदा एकच चित्रपट घ्या: फ्रेंच दिग्दर्शक गोदारचा 'ल मेप्री', १९६३. मात्र फ्रेंच आवृत्तीच हवी. इटालियन आवृत्तीत दलेरूचं संगीत काढून पिएरो पिच्चोनीचं घातलेलं आहे. खात्री करणं सोपं आहे. श्रेयनामावली पडद्यावर लिहिलेली नाही, ती बोलून दाखवली आहे आणि तीत दलेरूचं नाव ऐकू येतं.

त्यानंतर लगेच पलंगावरचा प्रसंग येतो. कामिय नवऱ्याला विचारते, माझी पावलं आवडतात का, गुडघे आवडतात का. तो हो म्हणत जातो. भांडणाचं अजून नावही नाही, तरी तंतुवाद्यं मात्र काहीतरी हातचं गेल्यासारखी वाजत असतात. हा प्रसंग दोनदा पाहा, एकदा नेहमीसारखा आणि एकदा डोळे मिटून. मग पूर्ण चित्रपट बघताना वही जवळ ठेवा. ती धून सुरू झाली की वेळ लिहा, त्या क्षणी कोण काय करतंय ते लिहा आणि कुठे तुटते तेही लिहा. मला सगळ्यात जास्त शिकवलं ते या तुटण्याच्या नोंदींनी. सूर तेच असतात. पलंगावर ते मायेचे वाटतात, रोमच्या घरात तेच बोचतात आणि काप्रीच्या समुद्रापाशी त्यांना उत्तर द्यायला कोणी उरलेलं नसतं.

एवढं झालं की मगच माणसाची माहिती वाचा. जन्म १९२५, उत्तर फ्रान्समधल्या रूबे गावी. तरुणपणी कारखान्यात काम आणि सोबत क्लॅरिनेट. पुढे पॅरिसच्या कॉन्झर्वातवार या संगीतशाळेत संगीतकार दारियुस मियोंकडे शिक्षण, मग नाटकांचं संगीत. ही माहिती आधी वाचली तर नुसती नोंद वाटते. धून कानात बसल्यावर वाचली की त्या मुलाबद्दल जिव्हाळा वाटतो.

दिग्दर्शक त्रुफोच्या 'ज्यूल ए जिम'मध्ये (१९६२) एक खबरदारी घ्या. नायिका जान मोरो गिटारच्या साथीवर जे प्रसिद्ध गाणं गाते, ते दलेरूचं नाही, सेर्ज रेझवानीचं आहे. कितीतरी दिवस मी ते दलेरूच्या नावावर जमा करत होते. त्याचं काम ऐकायचं तर तिन्ही मुख्य पात्रं सायकलवर निघतात तिथे कान द्या.

हॉलिवूडचा काळ मी भरभर ऐकते. १९७९च्या 'अ लिटल रोमान्स'साठी त्याला ऑस्कर मिळालं, पण त्यात जुन्या काळच्या विवाल्दी या संगीतकाराचाही मोठा वाटा आहे, तेव्हा कोणता भाग कोणाचा हे वेगळं काढायची सवय लावा. 'समथिंग विकेड धिस वे कम्स'साठी त्याने लिहिलेलं संगीत नाकारलं गेलं आणि जेम्स हॉर्नरकडून नवं करून घेतलं. 'प्लाटून'चं (१९८६) संगीत दलेरूचं, पण लोकांच्या लक्षात राहतं ते त्यात वापरलेलं सॅम्युअल बार्बरचं अदाजियो, म्हणजे संथ लयीतली रचना. दोन्ही वेळा मला त्याच्यासाठी वाईट वाटतं.

'ला न्युइ आमेरिकेन' (१९७३) मात्र शेवटी ठेवा. त्यात दिग्दर्शकाची भूमिका करणाऱ्या त्रुफोला संगीतकाराचा फोन येतो, आणि पलीकडचा आवाज खुद्द दलेरूचा आहे. तो नवी धून फोनवरूनच ऐकवतो. ऐकता ऐकता त्रुफो पार्सल उघडून सिनेमाविषयीची पुस्तकं एकेक करून टेबलावर ठेवत राहतो. इथे हेडफोन काढून ठेवा. फोनमधून येणारी ती बारीक धून खोलीतल्या मोकळ्या हवेतच ऐकायची.