परवाना आहे, पण धंदा करू देत नाहीत? पोलीस संरक्षण असे मागा

खडी क्रशर असो, पेट्रोल पंप असो की दारूचे दुकान, परवाना हातात असूनही कोणी दारात गाड्या आडव्या लावतो, कामगारांना दमदाटी करतो, ‘आमचं काय?’ म्हणत हप्ता मागतो. अशा वेळी ठाण्यात जाऊन ‘साहेब, संरक्षण द्या’ एवढेच सांगितले तर फारसे काही होत नाही. तुमचा हक्क काय आणि समोरच्याने नेमके काय अडवले, हे कागदावर दिसावे लागते.

म्हणून आधी स्वतःची फाइल उघडा. परवान्याची मुदत, नूतनीकरणाची पावती, अटी, गट क्रमांक सगळे तपासा. परवाना एका गटाचा आणि काम शेजारच्या गटात, अशी भानगड असेल तर ती आधी निस्तरा. समोरचा पक्ष पहिले बोट तिथेच ठेवतो.

मग अडथळा खरोखर बेकायदा आहे का, ते पाहा. शांतपणे घोषणा देणे, तहसीलदारांकडे तक्रार करणे हा लोकांचा हक्क आहे. दारूदुकान बंद व्हावे म्हणून महिलांनी ‘आडवी बाटली’साठी मतदान मागितले, तर तीही कायद्याचीच वाट. पण माणसाची वाट अडवणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १२६ खाली गुन्हा आहे, धमकी कलम ३५१ खाली आणि खंडणी कलम ३०८ खाली. भांडण जमिनीच्या मालकीचे किंवा वहिवाटीच्या रस्त्याचे असेल तर पोलीस त्याचा निवाडा करत नाहीत. तिथे दिवाणी कोर्टातून मनाई हुकूम घ्यावा लागतो.

पुरावा त्याच दिवशी बाजूला काढा. सीसीटीव्हीचे चित्रण काही दिवसांत आपोआप पुसले जाते. तारीख, वेळ, गाडीचे नंबर, परत गेलेल्या मालाची चलने, सगळे टिपून ठेवा. आणि स्वतःची ‘पोरं’ मुळीच बोलावू नका. दोन्हीकडून तक्रारी झाल्या की फिर्यादीचा आरोपी व्हायला वेळ लागत नाही.

आता अर्ज. तो वरिष्ठ पोलीस निरीक्षकांच्या नावे, एका पानाचा पुरे. ‘संरक्षण मिळावे’ असे मोघम लिहू नका. ‘अमुक तारखेला सकाळी यंत्रसामग्री आत न्यायची आहे, त्या वेळी गेटवर बंदोबस्त हवा’ असे लिहा. सशुल्क बंदोबस्ताची तयारी असेल तर तेही नमूद करा. प्रत पोलीस अधीक्षक किंवा आयुक्तांना द्या. शिक्क्याची पोच घेतल्याशिवाय ठाण्यातून निघू नका, पुढची सगळी लढाई त्या पोचेवर उभी राहते. प्रसंग चालू असतानाच मदत हवी असेल तर ११२.

खंडणीसारख्या दखलपात्र, म्हणजे पोलिसांना वॉरंटशिवाय अटक करता येते अशा गुन्ह्यात नुसत्या एनसीवर (अदखलपात्र नोंदीवर) बोळवण होऊ देऊ नका. दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की एफआयआर नोंदवणे बंधनकारक आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये ललिता कुमारी प्रकरणात सांगितले. ठाण्याने नकार दिला तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी कार्यपद्धतीच्या कायद्याच्या) कलम १७३(४) नुसार अधीक्षकांना लेखी कळवा, तरीही हालचाल नसेल तर दंडाधिकाऱ्यांकडे जा. गुन्हा घडण्याआधीच तो रोखणे हेही पोलिसांचे काम आहे. याच संहितेचे कलम १६८ तेच सांगते आणि अर्जात त्याचा उल्लेख करावा.

एवढे करूनही दाद लागली नाही तर वकिलामार्फत उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करा. परवाना, अर्ज, पोच आणि चित्रण जोडा. अडवणाऱ्यांना नावानिशी प्रतिवादी करा, कारण त्यांचे म्हणणे ऐकल्याशिवाय त्यांच्याविरुद्ध आदेश देणे न्यायालय टाळते. मालकीचा मुद्दा मात्र या याचिकेत घुसडू नका, नाहीतर ‘दिवाणी कोर्टात जा’ हेच उत्तर मिळेल.

आदेश हाती आला की त्याची प्रमाणित प्रत ठाण्यात पोच घेऊन द्या, सोबत काम कोणत्या दिवशी, किती वाजता सुरू करणार त्याचे नवे पत्र जोडा.