इटालियन साइड ॲक्टरचं करिअर कसं उलगडायचं? मारिओ ब्रेगापासून सुरुवात करा

इटालियन दिग्दर्शक सर्जिओ लिओनेचे वेस्टर्न, म्हणजे काउबॉय पिक्चर, बघताना एक धिप्पाड माणूस सारखा दिसतो, नाव मात्र कुणालाच माहीत नसतं. तो मारिओ ब्रेगा, रोमचा, जन्म 1923, आणि अशा नटांचा माग कसा काढायचा हे शिकायला याच्यासारखा दुसरा माणूस नाही.

पहिलं म्हणजे फिल्मोग्राफी वरपासून खालपर्यंत वाचत बसू नका, एक सीन पकडा. 1966 च्या 'द गुड, द बॅड अँड द अग्ली'मध्ये युद्धकैद्यांच्या छावणीत टूको या डाकूला बेदम मारणारा कॉर्पोरल वॉलेस, बाहेर कैद्यांचा बँड वाजतोय म्हणजे ओरडणं ऐकू जाऊ नये, तो हा. सीन नीट बघा, अंगाने आणि डोळ्यांनी किती काम करतो ते कळेल.

मग नावाचा घोळ सोडवा. 1964 च्या 'अ फिस्टफुल ऑफ डॉलर्स'च्या क्रेडिट्समध्ये ब्रेगा शोधलात तर सापडणारच नाही, तिथे तो रिचर्ड स्टायव्हसंट आहे, कारण पिक्चर अमेरिकन वाटावा म्हणून खुद्द लिओनेने स्वतःचं नाव बॉब रॉबर्टसन लावलं होतं. त्यामुळे त्या काळातला कुठलाही नट शोधताना टोपणनावांची यादी आधी काढायची.

आता आवाज, आणि इथेच बहुतेक लोक फसतात. इटलीत तेव्हा शूटिंगनंतर डबिंग करायची पद्धत होती आणि पडद्यावरचा आवाज त्याच नटाचा असेलच असं नाही. 1958 च्या 'इ सोलिती इन्योती'मध्ये सार्डिनियाचा तिबेरियो मुर्जा सिसिलियन झालाय, दुसऱ्याच्या आवाजात, आणि नेपल्सचा म्हातारा कार्लो पिसाकाने बोलोन्याच्या ढंगात बोलतो! म्हणून डबिंग कुणी केलंय ते बघितल्याशिवाय अभिनयावर मत देऊ नका, आणि इंग्लिश प्रिंटवर तर अजिबात नको, शक्य तिथे इटालियन प्रिंट सबटायटल्स लावून बघा.

यानंतर थेट 1980 वर उडी मारा. विनोदी नट-दिग्दर्शक कार्लो वेर्दोनेने दिग्दर्शित केलेले पहिले दोन पिक्चर, 'उन साक्को बेल्लो' आणि 1981 चा 'बियांको, रोस्सो ए वेर्दोने', दोन्हींच्या मागे निर्माता म्हणून लिओनेच होता, आणि तोच दांडगा ब्रेगा इथे अस्सल रोमन बोलीत लोकांना हसवतो. दुसऱ्यात तो ट्रकवाला आहे, आजीचं काम करणाऱ्या एलेना फाब्रित्सीला इंजेक्शन देतो आणि माझा हात लोखंडही होतो नि पीसही होतो म्हणतो, रोममध्ये हा डायलॉग लोकांना तोंडपाठ आहे. वेस्टर्नमधला गुंड आणि हा ट्रकवाला एकाच आठवड्यात बघाच, माझ्या मते त्याची खरी रेंज इथे कळते. 1982 चा 'बोरोताल्को' पण सोडू नका.

टीव्हीवर काम केलेल्या नटांसाठी रायप्ले, म्हणजे इटलीच्या सरकारी टीव्ही रायची स्ट्रीमिंग साइट, चाळा, रायचं नियमित टीव्ही प्रसारण 1954 पासूनचं आहे, फक्त शोधताना मालिकेचं मूळ इटालियन नाव टाका, इंग्लिश नावाने बरंच काही हाती लागत नाही.