जुना मिडी कीबोर्ड आणि गोव्याची दमट हवा: या चुका टाळा

जुना मिडी कीबोर्ड बिघडला की आपल्याकडे आधी त्याच्या वयावर बोट ठेवतात. पण बहुतेक वेळा बिघाड दमट हवेचा, चुकीच्या अडॅप्टरचा नाहीतर सेटिंगचा असतो. मिडी, म्हणजे वाद्यं आणि संगणक यांना एकमेकांशी बोलायला लावणारी पद्धत, १९८३ पासून चालू आहे आणि तेव्हाचा पाच पिनांचा प्लग आजच्या इंटरफेसमध्येही (कीबोर्ड संगणकाला जोडणाऱ्या डबीत) बसतो. तेव्हा मशीन भंगारात द्यायची घाई नको.

नेहमीची तक्रार म्हणजे एखादी पट्टी वाजतच नाही, किंवा हळू दाबली तरी दणकन वाजते. बहुतेक कीबोर्डांत पट्टीखाली रबराची टोपी असते आणि तिच्या आत कार्बनचे दोन ठिपके. पहिला टेकल्यावर दुसरा किती वेळाने टेकतो, त्यावरून मशीनला बोटाचा जोर कळतो. त्यांवर ओल, धूळ बसली की हिशेब चुकतो. इथेच लोक डब्ल्यूडी-४० हा तेलकट स्प्रे फवारतात किंवा पॉलिश पेपर घासतात. दोन्ही कृपा करून करू नका. तेलावर आणखी धूळ चिकटते आणि घासलेला कार्बन परत येत नाही. ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये कापसाचा इअरबड किंचित भिजवून आतल्या सर्किट बोर्डवरचे काळे ठिपके हलक्या हाताने पुसा, रबर कोरड्या कापडाने. पूर्ण वाळल्याशिवाय जोडू नका. उघडताना मोबाइलवर फोटो काढत जा आणि स्क्रू लांबीप्रमाणे वेगळे ठेवा. लांब स्क्रू आखूड जागी पिळला तर प्लास्टिक फुटतं.

अडॅप्टर ९ व्होल्टचा आहे एवढंच बघून लावू नका. बऱ्याच जुन्या मशीनमध्ये मधली पिन निगेटिव्ह असते, त्यामुळे मागची खूण तपासा. जपानमधून आलेलं मशीन १०० व्होल्टचं असू शकतं. आपल्या २३० व्होल्टवर थेट लावलं तर संपलंच.

सूर लांबतच राहतोय? पायाने दाबून सूर लांबवायचं पॅडल काढून मशीन पुन्हा चालू करा. कित्येक कीबोर्ड चालू होतानाच पॅडलची दिशा ठरवतात, म्हणून तेव्हा पाय त्यावर नको.

आवाजच नसेल तर कीबोर्डच्या ‘आउट’ पोर्टची वायर इंटरफेसच्या ‘इन’ पोर्टमध्ये गेली आहे का ते बघा. जुन्या यूएसबी मॉडेलचा ड्रायव्हर नव्या विंडोजवर मिळत नसेल, तर त्याच मशीनवरचं पाच पिनांचं पोर्ट वापरा.

पावसाळ्यात प्लास्टिकमध्ये गुंडाळून माळ्यावर टाकू नका, ओल आत कोंडते. सुती कापड घाला, बाजूला सिलिका जेलच्या पुड्या ठेवा आणि अधूनमधून सगळ्या पट्ट्या वाजवा.