मित्राच्या वावरात शिरताय? स्टारड्यू व्हॅलीत या चुका टाळा

सुट्या लागल्या की माझा फोन सुरू होतो. "दादा, जॉइनच होत नाही हो." पलीकडे कधी पुण्यात नोकरीला गेलेला पोरगा असतो, कधी नागपूरच्या होस्टेलवरची मामेबहीण, कधी गावातच राहून बापाचं वावर पाहणारा दोस्त. सगळ्यांना मित्रांसोबत एकाच शेतात 'स्टारड्यू व्हॅली' हा शेतीचा गेम खेळायचा असतो. दिवसभर पऱ्हाटीत राबलेला माणूस रात्री लॅपटॉप उघडून पुन्हा शेतीच कायले करते, हे मला आजवर कळलेलं नाही. पण करतात, आणि मन लावून करतात. तक्रार त्याची नाही. तक्रार ही, की सगळे त्याच त्या चुका करतात आणि मग म्हणतात, "गेमच बकवास आहे."

गेम बकवास नाही. एरिक बॅरोन नावाच्या एकट्या माणसानं चार-साडेचार वर्षं खपून तो बनवला आणि फेब्रुवारी २०१६ मध्ये बाजारात आणला. मित्रांसोबत खेळायची सोय कॉम्प्युटरवर ऑगस्ट २०१८ मध्ये, १.३ आवृत्तीत आली. मार्च २०२४ च्या १.६ पासून कॉम्प्युटरवर एका शेतात आठ जण मावतात. आठ मावतात म्हणून आठ घ्यावेत असं नाही. तिघं-चौघं पुरे. त्यापुढे शेती कमी आणि सरपंचकीच जास्त होते.

'लोड' दाबून वाट पाहत बसणं

सगळ्यात जास्त फोन याच कारणासाठी येतात आणि उपाय दोन मिनिटांचा आहे. एकट्यानं खेळत असलेलं शेत नेहमीसारखं 'लोड'मधून उघडायचं आणि मित्र का दिसत नाहीत म्हणून कपाळाला हात लावायचा. शेत मित्रांसाठी उघडायचं असेल तर मुख्य पडद्यावरच्या 'को-ऑप'मध्ये जा, तिथल्या 'होस्ट'मधून तेच शेत उघडा.

त्याआधी केबिन बांधलेलं पाहिजे. येणाऱ्या प्रत्येकाला वेगळं केबिन लागतं. सुतारीण रॉबिनकडे १०० गोल्ड आणि १० दगड दिले की दगडी केबिन मिळतं, लाकडाचं हवं असेल तर १०० गोल्ड आणि १० लाकडं. एवढ्या स्वस्तात घर होत असूनही लोक केबिन न बांधताच आमंत्रण पाठवतात. पाहुण्याला या म्हणायचं आणि टेकायला जागा द्यायची नाही, ही कोणती रीत?

आमंत्रणाचा कोड खेळाच्या ऑप्शन्समध्ये मिळतो. होस्टनं, म्हणजे ज्याच्या कॉम्प्युटरवर शेत उघडलंय त्यानं, गेम बंद करून पुन्हा उघडला की कोडही पुन्हा पाहून पाठवायचा. व्हॉट्सॲपवरचा परवाचा कोड टाकून "चालत नाही" म्हणणाऱ्यांना मी आता उत्तरच देत नाही.

होस्ट कोण, हे न ठरवता पेरणी करणं

ही माझी आवडती चूक. आवडती म्हणजे, हिच्यानं माझ्या जितक्या रात्री खराब झाल्या तितक्या दुसऱ्या कशानं झाल्या नाहीत.

नीट समजून घ्या. शेत इंटरनेटवर कुठंतरी राहत नाही. ते होस्टच्या कॉम्प्युटरमधल्या एका फोल्डरमध्ये राहतं. तुमचं पात्र, तुमची झारी, तुमची पातळी, तुमच्या पेटीतलं सामान, सगळं त्याच्याच फाइलीत. दुसऱ्याचं वावर ठोक्यानं वाहावं तसं आहे हे: कितीही राबा, सातबारा दुसऱ्याच्या नावावर. होस्टनं गेम उघडला नाही तर तुम्हाला तुमच्या केबिनचं दारसुद्धा दिसणार नाही.

दुसरी गोष्ट, गेम जतन होतो तो सगळे झोपल्यावर, दिवस संपताना. मधे होस्टची लाइन गेली तर सगळ्यांचा त्या दिवसाचा खेळ गेला. सकाळी सहापासून पुन्हा सुरू.

आता आमच्या एका टोळीचं सांगतो. चौघं जण, पुण्याचा पोरगा आणि नागपूरची मामेबहीण त्यातच. ज्यानं गेम आधी घेतला त्यालाच होस्ट केलं, दुसरा काही विचार नाही. तो राहतो यवतमाळ जिल्ह्यातल्या एका खेड्यात. लॅपटॉपची बॅटरी मेलेली, चार्जर काढला की पडदा काळा. घरी इन्व्हर्टर नाही. नेट मोबाइलच्या हॉटस्पॉटवर. पावसाळ्यात तिकडं वीज कडाडली की लाइन जाते, हे शेंबडं पोरही सांगेल. मग काय, खाणीत पार खाली उतरलेले तिघं आणि अचानक पडद्यावर संपर्क तुटल्याची पाटी. पुण्याचा पोरगा चिडून म्हणे, "तुझ्या गावाला लाइन आहे का नाही बे?" हा म्हणे, "आहे, पण तुझ्यासाठी नाही."

इथवर ठीक होतं. पुढे कापूस वेचणीचे दिवस आले आणि होस्टसाहेब गायब. पहाटे वावरात, रात्री आडवे. बाकीच्यांना खेळायची घाई. तेव्हा कुणीतरी शहाणपणा केला, "फाइल पाठव नं भाऊ, आम्ही खेळतो." त्यानं फोल्डर पाठवलं. मामेबहिणीनं नागपुरात ते उघडलं. उघडते तर काय, ती त्याच्या घरात, त्याच्या पात्रात, त्याची टोपी घालून उभी! तिचं स्वतःचं पात्र केबिनमध्ये कुलूपबंद. कारण फाइल कुणीही उघडली तरी उघडणारा होस्टचंच पात्र बनतो. हे कुणालाच माहीत नव्हतं. तरी ते खेळले. गुरं घेतली, गोठा वाढवला, झारी तांब्याची केली.

तिकडे वेचणीतून मोकळा झाल्यावर यानं आपल्या लॅपटॉपवर जुनीच फाइल उघडली, खुशीत चार दिवस खेळला आणि सगळ्यांना निरोप धाडला, "या रे, भोपळे लावले." झाली दोन वावरं. एकात गुरं, एकात भोपळे. कुणाचं खरं? दोन्ही फाइली एकत्र होत नाहीत. शेवटी मला बोलावलं. मी दोन्ही पाहिल्या आणि म्हटलं, एक टाकून द्यावी लागेल. त्या रात्रीनंतर पुण्याचा पोरगा आणि होस्ट बरेच दिवस बोलत नव्हते. संक्रांतीलासुद्धा नाही.

होस्टची अदलाबदल करता येते, नाही असं नाही. त्यासाठी फाइल उघडून आतली पात्रांची माहिती इकडची तिकडं करावी लागते. एक ओळ चुकली की शेत उघडतच नाही. हौशी माणसानं त्या वाटेला जाऊ नये असं माझं मत आहे, आणि फाइलीची प्रत न ठेवणाऱ्यानं तर नाहीच नाही.

तेव्हा होस्ट कोण? ज्याच्याकडं लाइन टिकते, नेट टिकतं आणि जो स्वतः टिकतो. या तिघांत शेवटचं सगळ्यात महत्त्वाचं. हौस कुणाला जास्त, गेम आधी कुणी घेतला, कॉम्प्युटर कुणाचा भारी, हे सगळं नंतर. गावातला असेल तर इन्व्हर्टर पाहा आणि गावात लाइन कधी जाते ते विचारून घ्या. शिवाय बाजाराच्या दिवशी मी शेताच्या फोल्डरची एक प्रत पेनड्राइव्हमध्ये टाकतो. विंडोजमध्ये ॲपडेटा, त्यात रोमिंग, त्यात स्टारड्यू व्हॅली, त्यात सेव्ह्ज. एवढं सोपं असून कुणी करत नाही. रडायची वेळ आली की मात्र सगळ्यांना पेनड्राइव्ह आठवतो.

घड्याळ थांबेल असं समजणं

एकट्यानं खेळताना पिशवी उघडली की वेळ थांबते. मित्रांसोबत थांबत नाही. खेळातली दहा मिनिटं म्हणजे खरे सात सेकंद, अख्खा दिवस जेमतेम १४ मिनिटांचा. तुम्ही पेटीला रंग लावत बसलात की तिकडं दुपार होते. कुणाला जेवायला बोलावलं, कुणाची म्हैस सुटली, तर होस्टनं चॅटमध्ये तिरप्या रेषेपुढं पॉज (/pause) लिहावं, गेम थांबतो. न सांगता उठून जाणारा माणूस सगळ्यांना अडकवतो, कारण सगळे झोपल्याशिवाय दिवस संपत नाही. बाकीचे गादीवर पडून छताकडं पाहत राहतात, आणि रात्रीचे दोन वाजले की बाहेर असलेला बेशुद्ध पडतो. त्यात खिशातले दहा टक्के, जास्तीत जास्त १००० गोल्ड जातात. जत्रेलाही तेच, सगळे तयार झाल्याशिवाय कुणीच आत जात नाही.

आल्या आल्या तिजोरीत हात घालणं

नव्यानं आलेल्या माणसाला सांगावंच लागतं: पैसे सगळ्यांचे एकत्र असतात. वेगळे ठेवण्याचं न ठरवता शेत सुरू केलं तर एकच खिसा.

आमच्या त्याच टोळीत वसंतातली १३ तारीख जवळ आलेली. त्या दिवशी अंड्यांचा सण असतो आणि स्ट्रॉबेरीचं बी मिळतं, एकेक १०० गोल्डला. त्याच रात्री लावलं तर महिना संपायच्या आत दोन तोडे निघतात. त्यासाठी तिघांनी मासे पकडून, पार्सनिप नावाचं गाजरासारखं कंद विकून पैसे जमवलेले. बाराव्या दिवशी चौथा आला. आला, खेळातल्या गावात पिएरचं बी-बियाण्याचं दुकान आहे तिथं गेला, २००० गोल्डची मोठी पिशवी घेतली. "माझ्या पिशवीत जागाच नव्हती न." सणाला बाकीचे हात हलवत गेले.

त्याचाच दुसरा पराक्रम. हा माणूस खऱ्या वावरात इतका जपून चालतो की ७५-१०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय कापूस टोचत नाही. शेजाऱ्याची दुबार पेरणी झाली की त्याला अक्कल शिकवतो. खेळात मात्र त्यानं वसंताच्या वीस तारखेला फुलकोबी लावली. फुलकोबीला १२ दिवस लागतात, ऋतू २८ दिवसांचा. उन्हाळ्याच्या पहिल्या सकाळी सगळी वाळून पडलेली. बी एकेक ८० गोल्डचं. मी विचारलं, "लेका, तारीख नाही पाहिली?" म्हणे, "खेळात काय पाहायचं?"

यावर माझी सवय अशी. नवा माणूस आला की पहिला हंगाम मी त्याला फक्त पाणी घालायला, लाकूड तोडायला आणि मासे पकडायला लावतो. घाईवाल्यांना हे अपमानास्पद वाटतं. वाटू द्या. लावायचं काय, विकायचं काय, हे विचारल्याशिवाय नाही. ज्याला दम धरवत नाही त्याच्यासाठी महापौर लुईसच्या घरातल्या वहीत पैसे वेगळे करायची सोय आहे. वेगळे केले की भांडण मिटतं, पण मजाही थोडी कमी होते. मी एकत्रच ठेवतो आणि माणसं निवडून घेतो.

सोनेरी ताऱ्याचे, म्हणजे चांगल्या दर्जाचे, पार्सनिप विकू नका. खेळातलं पडकं सामाजिक केंद्र दुरुस्त करायला ठरावीक वस्तूंचे गठ्ठे द्यावे लागतात, त्यात ते पाच लागू शकतात. दुसऱ्याची पेटी उपसू नका. होस्टनं इमारती हलवायची परवानगी सगळ्यांना देऊन ठेवू नये, कुणीतरी गंमत म्हणून गोठा तळ्याकाठी नेतोच.

बाकीच्या, चटकन

आवृत्ती सगळ्यांची सारखी हवी. एकाचं १.५ आणि दुसऱ्याचं १.६ असेल तर कोड कितीही बरोबर टाका.

मॉड्स, म्हणजे गेममध्ये बाहेरून टाकलेले बदल, कमी करा. अडलं की आधी सगळे मॉड्स काढून पाहा, मग मला फोन करा.

स्टीम आणि जीओजी ही गेम विकणारी ऑनलाइन दुकानं; स्टीमवाला आणि जीओजीवाला कोड टाकून एकत्र खेळू शकतात. कॉम्प्युटरवाला आणि स्विच किंवा प्लेस्टेशनसारख्या कन्सोलवाला नाही. विकत घ्यायच्या आधी विचारा.

पेनड्राइव्हमधून आणलेला फुकटचा गेम घेऊन कोड मागायला येऊ नका. एकट्या माणसानं बनवलेली वस्तू आहे, सेलमध्ये स्वस्त मिळते. एवढंही जमत नसेल तर थांबा.

आयपी पत्ता टाकून जोडणं एका घरातल्या एका वायफायवर छान चालतं. गावातून पुण्याला, मोबाइल डेटावर, बहुधा चालत नाही, कारण तिथं तुमच्या फोनला बाहेरून थेट गाठता येईल असा स्वतंत्र पत्ताच क्वचित मिळतो. कोड वापरा.

घरच्या वायफायवरही जमत नसेल तर विंडोजची फायरवॉल पाहा. पहिल्यांदा ती परवानगी मागते आणि घाईत सगळे 'रद्द करा' दाबतात.

मोबाइलवर? १.६ मध्ये एकत्र खेळायचा एक प्रायोगिक प्रकार आहे, तोही लपवून ठेवलेला. नवख्याला मी तो सांगत नाही.

आणि घरात दोघं भाऊ असाल, नेटचा पत्ता नसेल, तर १.५ पासून कॉम्प्युटरवर एकच पडदा दोघांत वाटून खेळता येतं. गेम एकच पुरतो, एक कंट्रोलर लागतो. केबिन मात्र दुसऱ्यासाठी तिथंही बांधावंच लागतं, तेवढं आधी बांधून ठेवा.